फिरंग, पट्टा, जिरहबख्तर : प्रतिकृती जड का होते?

सरळपाते

शिवजयंती दोन महिन्यांवर आली की ढोल पथकं, आखाडे, एकांकिकावाले सगळ्यांचा एकच प्रश्न सुरू होतो: "फिरंग करून घ्यायची आहे, किती जाडीची पट्टी आणू?" या प्रश्नातच गोम आहे. फिरंगेला, म्हणजे युरोपी पात्याच्या आणि इथल्या मुठीच्या तलवारीला, एक जाडी नसतेच.

पुण्याच्या बोहरी आळीतून ५ मिमीची पट्टी आणली, ९० सेंमी लांब, साडेतीन सेंमी रुंद, आणि दोन्ही कडांना ग्राइंडर फिरवला, असं धरू. ९० × ३.५ × ०.५ म्हणजे १५७ घन सेंमी, गुणिले ७.८५. सव्वा किलोच्या आसपास नुसतं पातं. त्यावर ४०० ग्रॅमची मूठ. सोळाशे ग्रॅमहून जड कांब झाली, तलवार नव्हे. जुनी पाती मुठीकडून अणीकडे सतत पातळ होत जातात, रुंदीलाही थोडी उतरतात, आणि त्यांचा छेद आयताचा नसून माशाच्या अंगासारखा असतो. सरासरी जाडी साडेतीन मिमी, रुंदी ३.२ सेंमी आणि छेदामुळे आणखी तीस टक्के वजा धरले तर तेच ९० सेंमीचं पातं साडेपाचशे ग्रॅमवर येतं. मूठ धरून एक किलोच्या आत. पन्हळ (पात्याच्या लांबीत जाणारी खोबण) काढली तर अजून कमी.

६ मिमीच्या पट्टीवर मी सुचवतो तो उतार मुठीपासून दर दहा सेंमीला असा: ६.०, ५.६, ५.१, ४.६, ४.२, ३.८, ३.४, ३.०, २.६ आणि अणीला २.३. हे आकडे मार्करने पट्टीवरच लिहा, कागदावर नको, कागद भुकटीत हरवतो. प्रत्येक खुणेवर व्हर्नियर लावत जा. आधी दोन्ही सपाट अंगांनी पूर्ण उतार काढायचा, मग कडांचा. उलट केलं तर उतार काढताना कडा एकीकडे सरकते आणि पात्याची मधली रेघ नागमोडी होते.

घडवून उतार काढणार असाल तर लोखंड वाया जात नाही, पण लांबतं. ३५ × ६ ची साधारण ६० सेंमी पट्टी ९० सेंमी पात्याला पुरते. शिवाय मुठीत जाणाऱ्या शेपटासाठी १०–१२ सेंमी वेगळे.

तोल मुठीच्या तोंडापासून १० ते १४ सेंमीवर यायला हवा. १८ च्या पुढे गेला तर मुठीत शिसं ओतून तोल मागे आणू नका. पातं परत घासायला घ्या.

ऐरण_आणि_घण

सरळपाते, उताराबद्दल शंभर टक्के. पोलादाबद्दल माझी भर.

एमएसची, म्हणजे साध्या मऊ पोलादाची, पट्टी भिंतीवर टांगायला ठीक, हातात धरायला नाही. पहिल्याच टोल्यात वाकते आणि वाकलेलीच राहते. सरावाच्या पात्याला ईएन ४५ हे स्प्रिंगचं पोलाद घ्या. कार्बन ०.५ ते ०.६ टक्के, सिलिकॉन दीड ते दोन टक्के. ट्रकच्या स्प्रिंगच्या पाट्यांत हे किंवा याच घराण्यातलं पोलाद येतं. जुन्या बाजारातला वापरलेला पाटा स्वस्त पडतो, पण त्याने लाखो हिसके खाल्लेले असतात आणि त्यात केसाएवढ्या चिरा असू शकतात. मधल्या बोल्टच्या भोकाशेजारी हमखास. तपासणी साधी: पाटा घासून चकचकीत करा, रॉकेल लावा, दहा मिनिटांनी कोरडा पुसा, वरून खडूची पूड घासा. चीर असेल तिथे रॉकेल परत वर येऊन खडूत काळी रेघ उमटते. पैसे असतील तर नवा पाटा घ्या आणि हा प्रकारच टाळा.

पाणी द्यायच्या (तापवून एकदम बुडवून कडक करायच्या) आधी तीन वेळा लाल करून हवेत थंड होऊ द्या. घडवताना आणि घासताना आत बसलेला ताण यात निघतो. ही पायरी गाळली की पातं तेलात शिरतानाच केळ्यासारखं वाकतं आणि लोक तेलाला दोष देतात. कडा या टप्प्यावर २ मिमीपेक्षा पातळ नको. त्याहून पातळ कडेला लाटा येतात.

पाणी म्हणतो आपण, पण ईएन ४५ ला पाणी नको, तेलच. पाण्यात तडकतं. तापमान ८८० ते ९२० अंश. चुंबक चिकटायचं थांबतं ते ७७० च्या आसपास, त्यामुळे "चुंबक सुटलं की बुडव" हा यूट्यूबी नियम इथे अपुरा आहे. त्याच्याही पुढे रंग नारिंगीकडे झुकेपर्यंत जावं लागतं. पातं उभंच बुडवायचं, सरळ खाली, ढवळायचं नाही. १५ सेंमी व्यासाचा, एक मीटर भरलेला उभा पाइप म्हणजे जवळपास १८ लिटर तेल. तेल आधी ५०–६० अंशांपर्यंत तापवून घ्या, थंड तेल घट्ट असतं आणि उष्णता हळू ओढतं. पाइपाचं झाकण हाताशी ठेवा, तेल पेटतं.

लगेच, म्हणजे हाताला सोसेल इतकं थंड झाल्याबरोबर, ४०० ते ४५० अंशांवर दोन वेळा, दोन-दोन तास तापवून पाणी उतरवा, म्हणजे टेंपर करा, ठिसूळपणा जातो. कडकपणा रॉकवेल सी मापावर ४५ ते ५० मिळाला की पुरे. रात्रभर तसंच ठेवलेलं कडक पातं सकाळी टेबलावर आपोआप दुभंगलेलं सापडू शकतं.

एवढं घरी जमत नसेल तर भोसरी–चाकण पट्ट्यात हीट ट्रीटमेंटवाले भरपूर आहेत. त्यांना दोनच गोष्टी ठणकावून सांगा: उभं टांगायचं, आणि पोलादाचा ग्रेड अमुक. ग्रेड न सांगता दिलेला जॉब ते दुसऱ्याच मालाच्या लॉटमध्ये घालतील.

नवा_भाता

३०४ स्टेनलेस चालेल का? गंजत नाही म्हणून विचारतो.

ऐरण_आणि_घण

नाही. ३०४ ला पाणी चढतच नाही. चमचा आहे तो, लांब केलेला.

पाणीदार

एक भर. पाणी दिल्यावर घासताना कडा निळी पडली की "टेंपर गेला, पातं बाद" असं सगळीकडे लिहिलेलं असतं. निळा रंग येतो ३०० अंशांच्या आसपास. ज्या पात्याचं पाणी ४२० वर उतरवलंय त्याला ३०० ने काय फरक पडणार? हा नियम कमी तापमानावर उतरवलेल्या सुऱ्या-पटाशांचा. आपल्या पात्याला भीती निळ्याच्या पुढे रंग उडून करडं पडलं तर. तरीही बादली शेजारी ठेवा आणि दर फेरीला बुडवा, कारण पातळ अणी निळ्यावरून करड्यावर जायला दोन सेकंदही लागत नाहीत.

शिवाय सिलिकॉनवालं पोलाद भट्टीत वरच्या थरातला कार्बन लवकर गमावतं. पाणी दिल्यावर दोन्ही अंगांनी पाव मिमी घासून काढा, मगच कानस लावून कडकपणा तपासा. वरचा थर मऊ लागला म्हणून भट्टीवाल्याशी भांडू नका.

कडीतोड

पातं बरोबर आणि तरी तलवार मोडते, ती मुठीपाशी. तुटलेल्या प्रतिकृतींचे फोटो पाहा: दहातल्या आठ वेळा पातं मुठीच्या तोंडाशी गेलेलं असतं. कारणं दोन.

पहिलं, शेपटाचा खांदा. पातं रुंद, शेपूट अरुंद, आणि दोघं मिळतात तिथे ग्राइंडरच्या चकतीने काटकोनी खाच पाडलेली. सगळा हिसका त्या कोपऱ्यात जमतो. तिथे निदान ३ मिमीची गोलाई हवी. ६ मिमीचं भोक आधी पाडा आणि त्या भोकापर्यंत कापत या, गोलाई आयती मिळते. मग गोल कानशीने आडवे ओरखडे काढून टाका. चीर ओरखड्यातूनच सुरू होते. शेपूट पात्याच्या रुंदीच्या निम्म्याहून अरुंद करू नका.

दुसरं कारण वेल्डिंग. पाणी दिलेल्या स्प्रिंग पोलादाला एमएसचा रॉड चिकटवून "शेपूट लांबवलं" की टाक्याच्या कडेला काचेसारखी ठिसूळ पट्टी तयार होते. बाहेरून काही दिसत नाही. प्रेक्षकांत उडून जाणारी पाती याच जातीची. पात्याला वेल्डिंगचा टाका लागता कामा नये, मुठीच्या पत्र्याला काय हवं ते करा.

मूठ बसवण्याची जुनी रीत म्हणजे लाख. चपडा लाख दोन भाग, चाळलेली विटेची भुकटी एक भाग, वितळवून मुठीच्या पोकळीत ओतायची आणि शेपूट गरम करून आत दाबायचं. सुंदर पकड येते, आणि पुढे मूठ तापवून काढताही येते. पण लाख सत्तर अंशांच्या आसपास मऊ पडते. मे महिन्यात बंद गाडीच्या डिकीत ठेवलेल्या तलवारीची मूठ डुगडुगते ती यामुळे. सरावाच्या हत्याराला इपॉक्सी आणि आरपार ५ मिमीची पिन. भोक पाणी द्यायच्या आधी पाडून ठेवा, नंतर ड्रिल शिरत नाही.

फिरंगेचं तंत्र वेगळं. पातं युरोपातून आलेलं, मूठ इथली, म्हणून मुठीपासून पात्याच्या दोन्ही अंगांवर पट्ट्या उतरवून त्यांतून रिवेट मारलेले दिसतात. २०२५ मध्ये राज्य सरकारने लंडनच्या लिलावातून आणलेली रघूजी भोसल्यांची तलवारही याच मेळाची, पातं युरोपीय आणि मूठ इथली. त्या पट्ट्या शोभेच्या नाहीत. त्या हिसका पात्यावर दहा-बारा सेंमीत पसरवतात. प्रतिकृतीत नुसत्या चिकटवलेल्या दिसल्या की समजायचं, कारागिराने फोटो पाहिलाय, हत्यार नाही.

शुक्रवारपेठी

मुठीच्या मापाबद्दल कोणी बोललं नाही. केळकर संग्रहालयात जाऊन मुठींसमोर नीट उभे राहा. परजेपासून (मुठीच्या तोंडावरच्या आडव्या पट्टीपासून) मागच्या वाटीपर्यंतची पकड सात-साडेसात सेंमीच्या आसपास भरते. यावर "तेव्हाची माणसं लहान हाताची होती" हे ठरलेलं वाक्य ऐकू येतं. मुद्दा हाताच्या आकाराचा नाही, पकडीचा आहे. तळहात परज आणि वाटी यांच्यात चापून बसला की वार मनगटाच्या झटक्याने न होता खांद्यातून ओढून होतो आणि मूठ हातात फिरत नाही. दहा सेंमीची ऐसपैस मूठ केली की वाटी मनगटाला बोचते, हात पुढे-मागे सरकतो, आणि चार दिवसांत तळव्याला फोड. तुमच्या चार बोटांची रुंदी मोजा, त्यात ३–४ मिमी मिळवा, तेच माप.

काचेतून फोटो काढताना समोरून एक आणि पाठीच्या रेषेतून एक असे दोन हवेत. समोरच्या फोटोत जाडी कधीच कळत नाही, आणि सगळी चूक तिथेच सुरू होते.

नवा_भाता

दांडपट्ट्यालाही हेच का? खोबळ्यात, म्हणजे हातावर चढणाऱ्या पत्र्याच्या आवरणात, मूठ आडवी असते ना?

कडीतोड

पट्ट्याचं गणित निराळं. मूठ पात्याला आडवी, हात खोबळ्यात कोपराच्या अलीकडेपर्यंत, म्हणजे मनगट बंद. पातं हाताचीच लांबी झाली. म्हणून पातं लवचीक आणि हलकं हवं: मुळाशी ३.५–४ मिमी, टोकाला दीड. लांबी १०० सेंमीच्या आसपास धरा. सव्वा मीटरचीही असतात, पण शिकणाऱ्याने त्यांच्या वाटेला जाऊ नये.

खोबळ्याला १.२ मिमी पत्रा. आधी जाड पुठ्ठ्याचा कापून हातावर चढवून पाहा, आत पातळ गादी घातल्यावर मूठ आवळून हात सहज निघायला हवा. आडवी मूठ १२ मिमीच्या सळईची. दोन्ही टोकं पत्र्यातून बाहेर काढून, खाली वॉशर घालून ठोकायची. वॉशरशिवाय ठोकली तर महिन्याभरात पत्र्याचं भोक लंबुळकं होतं. पातं खोबळ्याच्या तोंडावर दोन पट्ट्यांच्या चिमट्यात निदान चार ६ मिमी रिवेटनी धरायचं, आणि ते एका रेषेत नकोत, आलटून-पालटून तिरपे. एका रेषेतली चार भोकं म्हणजे पोस्टाच्या तिकिटाची दातेरी कड. मागचा पट्टा चामड्याचा, बक्कल बाहेरच्या अंगाला. आतल्या अंगाला आलं तर फिरवताना बरगडीला घासतं.

जिरहबख्तरवाला

तलवारीवर पुरेसं झालं, आता जिरहबख्तराच्या, म्हणजे कड्यांच्या चिलखताच्या, कड्या. सर्वांत कंटाळवाणं आणि सर्वांत कमी चुकणारं काम, अट एकच: माप ठरवून ते बदलायचं नाही.

सोप्यापासून सुरुवात. १६ गेजची, म्हणजे १.६ मिमीची जीआय (जस्त चढवलेली) तार, आतला व्यास ८ मिमी. ८ मिमीच्या सळईवर गुंडाळली की तार थोडी उलगडते आणि कडी आतून ८.३–८.४ भरते, ते ठीक. ३० सेंमी सळईवर एका वेळी १८० च्या आसपास वेढे बसतात. कापताना पक्कड नको, तिने टोकं चिमटून पाचरीसारखी होतात आणि कडी मिटल्यावर फट राहते. पातळ चकतीने किंवा हॅकसॉने उभी चीर द्या.

कडी उघडणं-मिटणं इथे सगळी मेख आहे. दोन पकडी, कडीचं तोंड वर. उजवा हात पुढे, डावा मागे, अशी पिरगाळून उघडायची. टोकं बाजूला फाकवायची नाहीत, फाकवली की तिचं वर्तुळ पुन्हा कधी येत नाही. मिटताना पिरगाळून टोकं एकमेकांच्या थोडी पुढे न्यायची आणि परत आणायची. टोकाला टोक घासल्याचा बारीक किर्र आवाज आणि बोटांना एक खट्ट जाणवतो. नखाने फट चाचपा. नख अडकलं तर ती कडी कापडात अडकेल आणि कापड फाडेल.

वीण चारात एक, म्हणजे प्रत्येक कडीत चार कड्या. पूर्ण बाह्यांच्या, मांडीपर्यंतच्या अंगरख्याला साधारण २०,००० कड्या. एक कडी ०.४७ ग्रॅम, म्हणजे साडेनऊ किलो आणि ६०० मीटर तार. वाया जाणारी धरून साडेदहा किलो आणा. माझ्या आकड्यावर विसंबू नका: १० × १० सेंमीचा तुकडा विणा, मोजा, स्वतःच्या अंगाच्या मापाने गुणा. रंगमंचासाठी अॅल्युमिनियमची तार घेतली तर वजन एक तृतीयांशावर येतं, पण हात आणि कपडे काळे करते.

विणीला कापडासारखा उभा-आडवा असतो. ओळी आडव्या ठेवल्या तर बख्तर लोंबताना अंगाकडे मिटतं, उभ्या ठेवल्या तर पसरतं आणि गोणपाटासारखं दिसतं. बाह्या खांद्यावरून सरळ पुढे विणत नेल्या की तिथे दिशा आपोआप बदलते आणि बाही फाकते. काखेत चौकोनी तुकडा घालून वळवा, नाहीतर हात वर केला की अख्खं बख्तर वर येतं.

आता खरी गोष्ट. इथल्या जुन्या चांगल्या बख्तरांत एक ओळ रिवेट मारलेल्या कड्यांची आणि एक ओळ अखंड कड्यांची असते. रिवेटसाठी जीआय चालत नाही, कारण कड्या लाल कराव्या लागतात आणि जस्ताचा पांढरा धूर छातीत गेला की रात्री थंडी वाजून ताप भरतो. काळी मऊ तार घ्या. १० मिमी सळईवर गुंडाळा, कापा, टोकं ४–५ मिमी एकावर एक चढवा, सगळ्या डब्यात घालून लाल करा आणि राखेत हळू गार होऊ द्या. मग चढवलेला भाग ऐरणीवर एका ठोक्यात चपटा. पोगराने (ठोकून भोक पाडायच्या टोकदार हत्याराने) भोक पाडा, तेही पूर्ण आरपार नाही. उलटून दुसऱ्या बाजूने मोकळं करा. भोकाच्या कडा चिरल्या तर दोनच शक्यता: कडी नीट मऊ झाली नव्हती किंवा पोगर मधोमध बसला नव्हता. विणताना रिवेट घालून बोथट खळगा असलेल्या सांडशीने दाबायचा. एका कडीला चार मिनिटं धरा. दहा हजार कड्यांचं गणित स्वतः करा आणि मग वेळापत्रक सांगा लोकांना.

अखंड कड्यांऐवजी बाजारातले एम ८ वॉशर घालायची कल्पना दर वर्षी कुणाला तरी सुचते. सपाट वॉशर आतून ८.४ आणि बाहेरून १६ मिमी. पट्टी इतकी रुंद की वीण ताठ होते, वळतच नाही. डाय करून १ मिमी पत्र्यातून आत ८, बाहेर ११.५ अशा कड्या पाडून घ्या.

मठारकाम

ढालीबद्दल थोडक्यात. ४५ सेंमी व्यास, १.२ मिमी पत्रा, खोलगट झाल्यावर दीड-पावणेदोन किलो. तांबट आळीत हा आकार देणारे हात आहेत, पण त्यांची सवय तांब्याची. तांबं लाल करून पाण्यात बुडवलं तरी मऊच राहतं, पोलादी पत्र्याचा स्वभाव तसा नाही. त्यांना सीआरसीए (थंड लाटून मऊ केलेला) पत्राच द्या, आणि ठोके कडेकडून मध्याकडे गोल फेऱ्यांत. मधूनच ठोकायला घेतलं तर मधे पत्रा पातळ होऊन फुगा येतो आणि कडेला चुण्या पडतात.

चामड्याची हवी असेल तर म्हशीचं कच्चं कातडं, कमावलेलं नको. २४ तास भिजवून पालथ्या घमेल्यावर ताणा, कडेने सुतळीने आवळा, सावलीत आठवडाभर. उन्हात वाळवलं की एका अंगाला ओढतं आणि ढाल पापडासारखी उचलते. दोन सेंमी जास्त मोठं कापा, आटतं. गेंड्याच्या कातड्याची चौकशी कुणी गमतीतही करू नये, १९७२ चा वन्यजीव कायदा आहे.

पुढची चार फुलं म्हणजे मागच्या कड्यांचे रिवेट झाकणाऱ्या टोप्या. आधी मागे गादी आणि दोन्ही पट्टे लावून एका मुठीत धरून बघा, मग फुलांच्या जागा ठरवा. बहुतेक जण आधी पुढून देखणी चौकट आखतात आणि मग मूठ मावत नाही.

शुक्रवारपेठी

कायद्याचं निघालंच आहे तर: शस्त्र अधिनियम १९५९ आणि २०१६ चे नियम. ९ इंचांहून लांब किंवा २ इंचांहून रुंद पात्याची हत्यारं त्यात येतात, घरगुती, शेतीची आणि कारखान्यातली अवजारं सोडून. "बोथट आहे" म्हटल्याने आपोआप सुटका होत नाही. बनवण्या-विकण्याआधी आणि मिरवणुकीत नेण्याआधी पोलीस ठाण्यात लेखी अर्ज द्या, उत्तराची प्रत जवळ ठेवा. सणासुदीला महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ३७ चे मनाई आदेश लागलेले असतात, तेव्हा पाठीवर उघडी तलवार टाकून दुचाकीवर जाणं म्हणजे हाताने बोलावलेलं संकट. आणि शंभर वर्षांहून जुनी खरी तलवार हाती आली तर ती घासू नका, पाणी देऊ नका, मूठ बदलू नका. ती पुरावस्तू आहे.

नवा_भाता

पुण्याच्या पावसाळ्यात हे सगळं टिकवायचं कसं? आणि बख्तराखाली काय घालायचं? टी-शर्टवर घालून बघितलेल्यांचे खांदे लाल झालेले दिसतात.

जिरहबख्तरवाला

खाली मांजरपाटाचे दोन-दोन पदर, मधे कापूस, तीन-तीन सेंमीवर उभ्या शिवणी. खांद्यावर एक पदर जास्त. कमरेला रुंद पट्टा घट्ट आवळा आणि त्याच्या वर बख्तर बोटभर सैल ओढून घ्या, म्हणजे बराच भार कमरेवर उतरतो. पट्ट्याशिवाय सगळे साडेनऊ किलो दोन खांद्यांवर.

गंजाचं म्हणाल तर घामट बख्तर पिशवीत कोंबू नका. कोरड्या भुश्याच्या डब्यात घालून डबा गडगडवा, घाम आणि तांबूस पूड दोन्ही निघतात. मग शिवणयंत्राचं तेल लावलेल्या फडक्याने पुसा. पातं म्यानात ठेवू नका, म्यानाचं लाकूड आणि चामडं ओल धरतात. तेल लावून आडवं, दोन खुंट्यांवर.

नवा_भाता

भुसा कुठला? सागाचा चालेल?

ऐरण_आणि_घण

चालेल, पण चाळून घ्या. बारीक भुसा रिवेटच्या खाचांत बसतो आणि पहिल्याच पावसात फुगून तिथेच गंज धरतो.